डोक्याच्या वर चार बोटं

प्रिय याय,

नमो बुद्धाय.

मागच्या महिन्यातल्या एका शुक्रवारी सकाळी मी सुनंदाला स्वयंपाकघराच्या दारात उभं केलं, टाचा चौकटीला लावायला सांगितल्या आणि तिच्या डोक्यावर पट्टी आडवी धरून पेन्सिलीची रेघ मारली. त्या चौकटीवर आमच्या मैत्रेयीच्या उंचीच्या रेघा आहेत, तुम्ही पाहिल्यात. दर वाढदिवसाला ती नवी रेघ मारायची. एका वर्षी ती आईएवढी झाली, तेव्हा नाचत नाचत तिने आईलाही तिथे उभं केलं होतं. ती रेघ अजून आहे, शेजारी वाकड्यातिकड्या अक्षरात ‘आई’ लिहिलेलं आहे.

माझी नवी रेघ तिच्या खाली आली. दोन बोटं खाली.

आणि याय, मला एकदम तुम्हीच आठवलात. तुम्हाला जाऊन तीन वर्षं होत आली, पण त्या क्षणी तुम्ही आमच्या दारात उभ्या आहात असं वाटलं. हात जोडलेले, मान थोडी पुढे, चेहऱ्यावर ती नेहमीची पांढरी पावडर. तेव्हापासून मला चैन नाही. वर्कशॉपमध्ये चुकीच्या मापाचं कपाट कापलं. सुनंदाच्या पाठीकडे बघत राहतो, ती विचारते, “काय शोधताय?” काय सांगू? म्हणून आज तुम्हाला लिहायला बसलो.

तुम्हाला मराठी वाचता येत नव्हतं. पण जिवंतपणी तरी कुठे येत होतं? मी मराठीत बोलायचो, तुम्ही थाईत, मध्ये मस्कतच्या या हमरियातल्या दुकानांतून उचललेलं चार शब्दांचं हिंदी. तरी आपलं काही अडलं का कधी?

पहिला दिवस आठवतो? शुक्रवारची वंदना चालू होती. आम्ही नवरा-बायको, मैत्रेयी पेंगत मागे. त्रिशरण झालं, पंचशील सुरू झालं आणि बाहेर कुणीतरी आमच्याबरोबर म्हणतंय असं वाटलं. शब्द तेच, पण चाल वेगळी आणि उच्चार तर फारच वेगळे! दार उघडलं तर तुम्ही. समोरच्या फ्लॅटात राहणाऱ्या नोईची आई नुकतीच आली आहे हे ठाऊक होतं. नोई हॉटेलात फळांवर फुलं कोरायची, अर्बाबची, म्हणजे तिच्या मालकाची, मनधरणी करून तिने तुमचा व्हिसा मिळवला होता. तुम्ही चपला काढल्या, सरळ आत आलात, मैत्रेयीशेजारी बसलात आणि उरलेलं पंचशील आमच्याबरोबर पुरं केलंत. मग तीनदा कपाळ जमिनीला टेकवलंत. आमच्यासारखंच. नाही, आमच्यापेक्षा सावकाश.

सुनंदा माझ्या कानाशी म्हणाली, “अहो, या तर आपल्याच आहेत.”

नोई तुम्हाला याय म्हणायची, गावी राहणाऱ्या तिच्या मुलीच्या नात्याने. आईच्या आईला तुमच्याकडे याय म्हणतात, हे कळल्यावर मैत्रेयीही तेच म्हणू लागली, मग आम्हीही. मी तुमच्या मुलाच्या वयाचा, तरी याय!

पुढच्या शुक्रवारी तुम्ही माझा हात धरून तुमच्या खोलीत नेलंत आणि भिंत दाखवलीत. बुद्धाची मूर्ती कपड्यात गुंडाळून ट्रंकेत ठेवलेली होती. मी फर्निचरच्या वर्कशॉपचा फोरमन, खिशात टेप असतेच. मी छातीच्या उंचीला खूण केली. तुम्ही जोरजोरात हात हलवलात. “नो, नो! उप्पर! उप्पर!” मग नोईने समजावलं. मूर्ती माणसाच्या डोक्याच्या वर हवी, खाली ठेवली तर पाप. पण फार वरही नको, रोज फुलं ठेवायची आहेत.

“मग यायलाच भिंतीला उभं करू,” मी म्हणालो.

तुम्ही पाठ टेकवून शाळेतल्या पोरीसारख्या ताठ उभ्या राहिलात. मी तुमच्या डोक्याशी खूण केली, वर चार बोटं धरली आणि तिथे फळी ठोकली. तुम्ही त्या चार बोटांकडे पाहून इतक्या हसलात! पुढे कुठेही भेटलो की तुम्ही डोक्यावर चार बोटं आडवी धरून दाखवायच्या. तोच आपला जयभीम, तोच नमस्कार.

दीड-दोन वर्षांनी तुम्ही मला पुन्हा नेलंत. मोगऱ्याची वाटी ठेवायला हात पोचत नव्हता. आपण परत तेच केलं. तुम्ही भिंतीला उभ्या, मी चार बोटं मोजली, फळी खाली घेतली. जुन्या स्क्रूंची भोकं पुट्टी भरून, वर रंग लावून मी अशी बुजवली की शोधून सापडू नयेत. नोईने नूडल्स खायला घातल्या. आणखी काही काळाने पुन्हा तेच. पुन्हा भिंत, पुन्हा चार बोटं, पुन्हा पुट्टी.

आम्हाला कुणालाच त्यात काही दिसलं नाही. म्हातारं माणूस वाकतं, यात काय नवल? उलट बुद्धपौर्णिमेला कुणाच्या तरी हॉलवर सगळे जमायचे तेव्हा आपली मंडळी म्हणायची, “बाई किती नम्र आहेत बघा. चालतात तेच मुळी वंदन केल्यासारख्या.” मलाही ते ऐकून बरं वाटायचं. पाठीचं हाड खचत होतं आणि आम्ही त्याला नम्रता म्हणत होतो!

पण याय, रागावू नका, तुम्हीही काही कमी नव्हता. ब्लाउजखाली कंबरेला घट्ट फडकं बांधलेलं असायचं, हे सुनंदाला नंतर कळलं. खोलीत पिवळ्या बामाचा वास भरलेला असायचा आणि विचारलं की तुम्ही म्हणायच्या, “मच्छर.” मच्छरांना कुणी कंबरेला बाम लावतं का? दुखतं असं एकदा म्हणाला असतात तर? नोईची सुट्टी बुडेल, अर्बाब कुरकुरेल, व्हिसाचं काही होईल, एवढी गणितं तुम्ही एकटीने कशाला केलीत?

मग ती सकाळ. तुम्ही आमच्याकडे वंदनेला आला होता. पहिला प्रणाम झाला, दुसरा झाला. तिसऱ्याला कपाळ टेकवलंत आणि तशाच राहिलात. आम्हाला वाटलं, ध्यान लागलं. मैत्रेयीच्याच लक्षात आलं. “बाबा, याय रडतायत.”

आवाज नाही, पडणं नाही, धक्का नाही. नुसतं वाकल्याने हाड मोडतं, यावर माझा विश्वास बसेना. हॉस्पिटलात डॉक्टरीणबाई मस्कतच्याच होत्या, ओमानी, आपल्याइतकं सफाईदार हिंदी बोलणाऱ्या. फोटो उजेडावर धरून त्यांनी विचारलं, “अम्मा की हाइट पहले कितनी थी?”

नोई माझ्याकडे बघायला लागली. मी म्हणालो, “मुझे मालूम है.” आणि टेप काढून पहिल्या फळीची आणि तिसऱ्या फळीची उंची दाखवली. मधलं अंतर माझ्या वीतभर होत आलं होतं. बाई टेपकडे आणि माझ्याकडे आळीपाळीने बघत राहिल्या.

“आप इनके बेटे हैं?”

“नहीं. पड़ोसी. कारपेंटर.”

“पहली बार कोई नाप लेकर आया है,” त्या हसून म्हणाल्या. मग हसू गेलं. हे हाड काडीसारखं मोडत नाही, म्हणाल्या, बसत जातं. पायाखालची माती भुसभुशीत झाली की भिंत बसते ना, तसं. आज मोडलेलं पहिलं नाही, आधीचीही दोन मोडून बसलेली आहेत. वजन कमी झालं की घरात सगळ्यांना दिसतं, उंची कमी झाली तर कुणी विचारत नाही.

त्यांनी दुधाबद्दल विचारलं. नोई म्हणाली, “मम्मी बोलती है, दूध बछड़े के लिए.” सुनंदा पटकन म्हणाली, “खरंच आहे तिचं.” तेवढ्यातही आम्ही हसलो. मग उन्हाचं विचारलं. ऊन! एवढ्या उन्हाच्या देशात तुमच्या रक्तात उन्हाचं जीवनसत्त्व नावालाही नव्हतं. कुठून असणार? तुम्ही छत्रीशिवाय खाली उतरायच्या नाहीत आणि आपल्या सगळ्या इमारतीने उकाड्यासाठी खिडक्यांना चंदेरी फॉइल चिकटवलेलं. आपण ऊन दाराबाहेर ठेवून राहत होतो.

आठवड्याला एक गोळी दिली. सकाळी रिकाम्या पोटी, भरपूर पाण्याबरोबर, आणि नंतर अर्धा तास ताठ बसायचं. आडवं व्हायचं नाही, वाकायचं नाही. आणि एकूणच पुढे वाकणं बंद. “नमाज़ भी कुर्सी पर पढ़ते हैं ऐसे लोग,” बाई म्हणाल्या. “आप भी कुर्सी पर कीजिए.”

याय, मला आजवर छळतं ते इथून पुढचं.

तुम्ही चोरून जमिनीवर बसत होता. नोई कामावर गेली की तीन प्रणाम, हळूहळू, पलंगाचा पाय धरून. नोईने पकडलं. मला म्हणाली, “भाई, मम्मी को आप बोलो. आपका सुनती है.” मी आलो. तुम्ही वर पाहून हसलात, जमिनीवर हात थोपटलात. “बैठो.” मी बसलो आणि काहीच बोललो नाही.

कसं बोलणार? आमच्या आजोबांच्या, आबांच्या, तरुणपणी गावात आमच्या माणसांना कुणाकुणासमोर वाकावं लागे, ते तुम्हाला सांगायला माझ्याकडे भाषा नव्हती. ओट्याखाली उभं राहायचं, चपला हातात घ्यायच्या, मान खाली. धम्म घेतल्यावर आबांनी घरात सांगून टाकलं, “आता वाकायचं ते फक्त इथं.” भिंतीवर छापील बुद्धाचं चित्र होतं, कॅलेंडरमधून कापलेलं. आबा त्याच्यापुढे कपाळ टेकवायचे तेव्हा मला ते जगातले सगळ्यात ताठ मनुष्य वाटायचे. आपल्या मर्जीने वाकण्याची जी एकच जागा आम्हाला मिळाली, तिथे मी कुणाला ‘वाकू नका’ कसं म्हणू?

मी गप्प राहिलो आणि त्याला श्रद्धा समजलो. ती श्रद्धा होती की नुसता संकोच? अजून ठरवता येत नाही.

दिवसभर तुमच्याजवळ कुणी नाही, व्हिसाही संपत आलेला. शेवटी नोईने तुम्हाला थायलंडला, गावी आपल्या बहिणीकडे पोचवलं. तुम्हाला जायचं नव्हतं ना? विमानतळावर व्हीलचेअरमधून तुम्ही डोक्यावर चार बोटं धरून दाखवलीत, पण हसला नाहीत. काही महिन्यांनी अंगणातल्या पायरीवर पाय घसरला. या वेळी खुब्याचं हाड. नंतर तुम्ही अंथरुणातून उठलाच नाहीत. फोन नोईला आला आणि तिने आमचं दार वाजवलं. सुनंदाने तिला जवळ घेतलं.

आता कळलं ना, त्या शुक्रवारी मी का हादरलो? सकाळी सुनंदा मेणबत्ती हातात घेऊन टाचा उंचावत होती. वळून म्हणाली, “अहो, ही बुद्धाची फळी जरा खाली घ्याल का? हात पोचत नाही.”

मी सवयीने ड्रिल आणायला उठलोसुद्धा. हातात ड्रिल घेऊन तसाच थांबलो. मग तिला म्हणालो, “इकडे ये. दारात उभी राहा.”

रेघ पाहून ती म्हणाली, “चौकट वर गेली असेल. ही हमरियातली जुनी इमारत, काय भरवसा?” थट्टेवारी न्यायला बघत होती. मैत्रेयी पुण्याला शिकते, तिला फोनवर सांगितलं तर म्हणाली, “बाबा, आईची हाइट कमी झाली? असं पॉसिबल असतं?” मग विचारलं, “किती बोटं?” तिलाही तुम्ही आठवला असणार.

सुनंदाची पिशवी तिच्या पस्तिशीच्या आतच काढली होती. सुट्टीवर गेलो होतो तेव्हा चिपळूणला. तेव्हा ते डॉक्टर म्हणाले, आता सुटलात. आमच्याकडच्या कितीतरी बायकांची अशी तरुणपणीच काढलेली आहे. तुमच्या डॉक्टरीणबाईंनी तेव्हा बोलता बोलता सांगितलं होतं की ज्यांची पाळी लवकर थांबते त्यांची हाडंही लवकर पोकळ होतात. मी ते ऐकलं होतं, पण तुमच्यासाठी ऐकलं होतं. स्वतःच्या घराकडे वळून पाहिलं नाही.

“तपासून घेऊ,” मी म्हणालो.

“मला काही झालेलं नाही.”

“सुई नाही, काही नाही. टेबलावर झोपायचं, वरून मशीन फिरतं. तुला कळणारसुद्धा नाही.”

“मग जाताय कशाला, कळणारच नाही तर?”

असे तीन आठवडे. रोज मी विषय काढायचा, रोज तिने डाळीला फोडणी द्यायची. एका संध्याकाळी मी चिडलो. आवाज चढला. “तुला यायसारखं व्हायचंय का?” असं बोलून गेलो.

ती गॅस बंद करून माझ्याकडे वळली. म्हणाली, “यायला काय झालं ते मला माहीत आहे. आधी कळलं, आणि मग पाठवली. मला कळून नाही घ्यायचं.”

याय, मी तिथेच स्टुलावर बसलो. चोवीस वर्षांचा संसार, त्यातली सोळा इथे, आणि ही भीती मला दिसली नव्हती. तिला मोडण्याची भीती नव्हतीच. तिला भीती होती, मी इथे नोकरीला राहीन आणि ती गावच्या घरात एकटी, भिंतीकडे बघत. इथे आजारी बाई म्हणजे तिकीट काढायची बाई, हे तिने किती घरांतून पाहिलंय! तुम्हालाही तेच वाटत होतं का? म्हणून ते फडकं, म्हणून ‘मच्छर’?

मी तिला म्हणालो, “जायची वेळ आली तर दोघं जाऊ. एक तिकीट मी काढणार नाही.”

“नोकरी?”

“पन्नाशीला आलो. गावात खुर्च्या लागत नाहीत का लोकांना?”

तिने डाळीवर झाकण ठेवलं. मग म्हणाली, “शुक्रवारी बंद असेल हॉस्पिटल. शनिवारी सुट्टी काढा.”

तुमच्याच डॉक्टरीणबाई होत्या. केस पांढरे झालेत. मला पाहून थबकल्या. “अरे, टेपवाले भाई! आज किसका नाप लाए?” मी सुनंदाकडे बोट केलं.

तपासात भीती होती तेच निघालं. हाडं विरळ झालेली, मणका एक बसलेला. पण एकच, याय! एकच. कंबर मोडल्यासारखी दुखते म्हणून ती वर्षभर शेक घेत होती, ते हेच. सुनंदाने शेवटी धीर करून तिच्या हिंदीत विचारलं, “वापस भेजने का तो नहीं ना?”

“वापस? क्यों?” बाई म्हणाल्या. “आपकी हड्डी कमज़ोर है, वीज़ा नहीं.”

सुनंदा हसली आणि मग तिथेच, त्या परक्या खोलीत, तिला रडू आलं. बाईंनी कागदी रुमाल पुढे केला आणि शांतपणे गोळीचं समजावत राहिल्या. आठवड्याला एक, अर्धा तास ताठ. दूध, मासळी, सकाळचं ऊन. रोज चालणं. पडायला होईल असं घरात काही ठेवायचं नाही. आणि पुढे वाकणं बंद.

घरी येऊन मी आधी खिडक्यांचं फॉइल ओरबाडून काढलं. अशी किरणं आत आली की मैत्रेयीच्या शाळेच्या फोटोवरची धूळ दिसली. न्हाणीघराच्या बाहेरचा गालिचा गुंडाळला. हे सोपं होतं. उरलेल्या एका गोष्टीपाशी मात्र मी पुन्हा तसाच येऊन थांबलो, जसा तुमच्या दारात थांबलो होतो. गोळी आणि वंदना, दोन्ही शुक्रवारी सकाळी. तिला मी ‘तू खुर्चीवर बस’ म्हणायचं आणि स्वतः शेजारी जमिनीवर कपाळ टेकवायचं? मग ती खुर्ची आजाऱ्याची खुर्ची झाली. ती एक दिवस बसेल आणि दुसऱ्या दिवशी माझ्या मागे चोरून वाकेल. तुमच्यासारखीच.

आबा काय म्हणाले असते? आठवडाभर हाच विचार. प्लायवूड कापताना, बसमध्ये, जेवताना. मग वाटलं, आबांनी सांगितलं होतं की वाकायचं तर आपल्या मर्जीने. मर्जी असेल तर ताठही बसता येतंच की! तथागताला माझ्या कपाळाची माती हवी आहे, असं कुणी सांगितलं?

याय, तुम्हाला एक वचन देतो. येत्या बुद्धपौर्णिमेला हॉलमध्ये खुर्च्या मागच्या भिंतीशी ठेवू देणार नाही. पहिल्या रांगेत ठेवीन आणि आपल्या सगळ्या बायकांना दाराच्या चौकटीला उभं करीन. लोक हसतील, हसू देत. म्हणतील, उत्तमरावांना आता माणसांचीही मापं घ्यायची सवय लागली. कुणाला दुखतंय असं कळलं, तर दारात जाऊन गप्प बसणार नाही. आणि सुनंदाला एकटीला कुठे पाठवणार नाही, हे तिला दिलेलं वचन तुमच्या साक्षीने पुन्हा देतो.

आज शुक्रवार. वर्कशॉपमध्ये सुट्टीनंतर बसून केलेल्या दोन खुर्च्या काल घरी आणल्या. सागवानी, हात असलेल्या, बैठक जरा उंच, पाठ सरळ. सकाळी सुनंदाने गोळी घेतली. मी तिला खुर्चीत बसवलं, तिच्या डोक्याच्या वर चार बोटं धरली आणि फळी खाली घेतली. या वेळी का घेतोय, ते मला माहीत होतं.

“दुसरी खुर्ची कुणाला?” तिने विचारलं.

मी तिच्या शेजारी बसलो. आयुष्यात पहिल्यांदा बुद्धासमोर खुर्चीवर. हात जोडले. त्रिशरण सुरू केलं, तिने सूर धरला, आणि आम्ही अर्धा तास ताठ बसलो.

उठताना ती भिंतीकडे बघून म्हणाली, “ती वरची भोकं बुजवा हो. कसं दिसतं!”

“नाही,” मी म्हणालो. “राहू देत.”

तुमचा,
समोरच्या दारातला उत्तम
हमरिया, मस्कत